आत्या ठणठणीत आहे

विहिरीचं पाणी तळाला गेलं आणि थोरल्याने मोटारीच्या पेटीला कुलूप लावलं.

त्याच्या मते हिशेब सरळ होता. विहीर त्याच्या वाट्याच्या रानात होती. आदल्या वर्षी आटली तेव्हा दोर बांधून तो स्वतः खाली उतरला होता, पहारीने खडक फोडून पाट्या वर पाठवल्या होत्या. अजूनही उजवा खांदा वर उचलताना कट्कन वाजायचा. त्या वेळी धाकटा शहरात कारखान्यात होता आणि फोनवर "काही लागलं तर सांग दादा" म्हणत होता. आता कारखान्याला टाळं लागलं, हा बायकोला घेऊन गावी आला, विहिरीपलीकडच्या आपल्या तुकड्यात त्याने कांदा लावला आणि म्हणे, अर्धा दिवस मोटार माझी.

"कुठली अर्धी?" थोरला म्हणाला. "विहीर माझ्या रानात आहे."

"बाबांनी दोघांची म्हणून सांगितलं होतं."

"तुला काय आठवतंय? तू तेव्हा आत्याच्या कडेवर होतास."

"मला नाही आठवत. पण आत्याला आठवतं," धाकटा म्हणाला. "आणि तुलाही आठवतं, दादा."

थोरल्याला आठवत होतं. न आठवायला काय झालं होतं? बाप काठी टेकत विहिरीच्या कठड्यापाशी आला होता, रानाचे दोन भाग पावलांनी मोजून दाखवले होते आणि म्हणाला होता, जमीन वाटली, पाणी वाटलं नाही, विहीर दोघांची. ऐकायला थोरला होता आणि आत्या होती. कागद कोणी केला नाही. घरच्या घरात कागद कशाला, असं तेव्हा सगळ्यांनाच वाटायचं. पण थोरला धाकट्याच्या तोंडावर म्हणाला, "मला काही आठवत नाही," आणि एकदा तोंडातून गेलेलं मागे घ्यायचं त्याच्या जिवावर आलं.

धाकट्याने दावा लावला. आणि दाव्यासोबत एक अर्ज जोडला. आत्या म्हातारी आहे, तिला धाप लागते, ती कोर्टात येऊ शकणार नाही, दाव्याचा निकाल लागेपर्यंत ती राहील याचा भरवसा नाही, तरी कोर्टाने आत्ताच एखादा वकील नेमून घरी पाठवावा आणि तिची साक्ष लिहून घ्यावी.

आत्या म्हणजे बापाची बहीण. आई लवकर गेली तेव्हा ती चार दिवसांसाठी म्हणून आली आणि राहिलीच. दोघांना तिने वाढवलं, दोघांना तिने बदडलं. आता ती थोरल्याकडे राहायची, कारण तिची खोली तिथे होती. साक्षीदार थोरल्याच्या घरात आणि साक्ष धाकट्याच्या बाजूची, असा तो मामला होता.

थोरल्याचा वकील घामट माणूस होता. टेबलावर पंखा, पंख्यासमोर तो, आणि पक्षकार उकाड्यात. त्याने अर्ज वाचला आणि पुन्हा वाचला.

"म्हातारीची साक्ष झाली तर काय बोलेल?"

थोरला पायाखालच्या फरशीकडे बघत राहिला.

"कळलं," वकील म्हणाला. "मग आपण विरोध करायचा. म्हणायचं, बाई ठणठणीत आहे. शेतात राबते. वेळ येईल तेव्हा स्वतःच्या पायांनी कोर्टात येईल. घाई करण्याचं कारण नाही. तेवढ्यात तारखा पडतील. कोर्टाला काय, हजार कामं आहेत. आणि शेवटी वय झालेलं माणूस..."

ते वाक्य त्याने तसंच सोडून दिलं. पुढचं थोरल्याला कळलं, आणि त्याला कळलंय हे वकिलालाही कळलं. दोघांनी एकमेकांकडे न बघता चहा प्यायला.

"एक मात्र सांभाळा," निघताना वकील म्हणाला. "दवाखान्याची चिठ्ठी नको. डॉक्टरच्या दारात पाऊल पडलं की तोच पुरावा घेऊन तुमचा भाऊ उभा राहील. पुढची तारीख होईपर्यंत जरा दमानं घ्या."

थोरल्याने प्रतिज्ञापत्रावर सही केली. आत्या ठणठणीत आहे. अक्षर वाईट आलं. वकील म्हणाला, चालतं.

आत्या ठणठणीत नव्हती. तिच्या पायांवर सूज होती. सकाळी कमी असायची, संध्याकाळपर्यंत चपलेचा पट्टा बसत नसे. उशी उंच केल्याशिवाय तिला झोप येईना, मग ती भिंतीला टेकूनच बसून राहायची. थोरल्याची बायको कोमट पाण्यात तिचे पाय धरायची. बोटाने दाबलं की तिथे खळगा पडायचा आणि बराच वेळ भरायचा नाही.

"उद्या तिला घेऊन जाते मी डॉक्टरकडे," बायको म्हणाली.

"तारीख होऊ दे."

"तारखेचा आणि पायांचा काय संबंध?"

थोरल्याने सांगितलं. सांगताना त्याचा आवाज आपोआप खाली आला. बायकोने हातातला तांब्या खाली ठेवला.

"असं लिहून दिलंत तुम्ही?"

"वकिलाने लिहिलं."

"सही वकिलाची आहे?"

तो बाहेर निघून गेला. बायको दोन दिवस त्याच्याशी कामापुरतं बोलली. पण तिनेही आत्याला डॉक्टरकडे नेलं नाही. तिच्याही रानात कांदा उभा होता, आणि अर्ध्या पाण्यात तो पोसला नसता हे तिलाही कळत होतं. म्हणून ती नुसती पाय धरत राहिली आणि नवऱ्यावर चिडत राहिली. चिडण्याने तिला थोडं बरं वाटायचं.

आत्याला हे कोणी सांगितलं, कोण जाणे. गावात गोष्ट लपत नाही, आणि आत्याचे कान अजून तिखट होते. कांदा काढायला सुरुवात झाली त्या सकाळी थोरला रानात पोचला तर ही आधीच येऊन बसलेली. डोक्याला फडकं गुंडाळलेलं, समोर उपटलेल्या कांद्यांचा ढीग, हातात विळा. आणि बसली कुठे, तर रस्त्याच्या कडेला, जिथून येणाऱ्याजाणाऱ्या सगळ्यांना दिसेल अशी.

"आत्या, तू कशाला आलीस? घरी चल."

"का? मी ठणठणीत आहे ना?" ती म्हणाली.

थोरल्याने रस्त्याकडे पाहिलं.

आत्याने एक कांदा उचलला, पात मुठीत धरली, मानेपासून बोटभर सोडून कापली, मुळं छाटली आणि कांदा पलीकडे टाकला. हात अजून सराईत होता. मधेच ती थांबायची, तोंड उघडून श्वास घ्यायची आणि पुन्हा पुढचा कांदा.

"तू शपथेवर सांगितलंयस म्हणे," ती म्हणाली. "मी शेतात राबते म्हणून. मग आता काय तुला भर कोर्टात खोटं पाडू? लहानपणी तुझ्या खोड्या झाकल्या, ही एक आणखी."

"आत्या, ते वकिलाचं..."

"उन्हात उभा राहू नको. पाट्या आण."

तो पाट्या आणायला गेला. त्याला वाटलं होतं, परत येऊन तिचा हात धरून उठवावं. गाडीवर बसवावं, सरळ दवाखान्यात न्यावं, जे होईल ते होवो. पण पाट्या घेऊन परत येईपर्यंत रस्त्याने दोघंतिघं गेले होते. त्यातला एक जण म्हणाला होता, "वा आत्या, अजून दम आहे!" आणि आत्या हसली होती. थोरल्याच्या मनात विचार आला, लोकांनी पाहिलं ते बरंच झालं. असा विचार आपल्या मनात येतो याची त्याला शरम वाटली. पण म्हणून विचार यायचा थांबला नाही.

दुपारी वकिलाचा फोन आला. म्हणाला, बाई काम करतानाचा एखादा फोटो मिळाला तर सोन्याहून पिवळं.

थोरला फोन हातात घेऊन बांधावर बराच वेळ उभा राहिला. मग आत्यासमोर येऊन त्याने तो वर धरला. आत्याने पाहिलं. फडकं नीट केलं, सुजलेले पाय कांद्याच्या पातीखाली ओढून घेतले आणि विळा वर धरला.

"दिसतोय का विळा?" तिने विचारलं.

"दिसतोय."

"मग काढ लवकर. हात भरून येतो."

पुढे तीन दिवस ती तशीच बसली. रात्री भिंतीला टेकून धापा टाकायची आणि सकाळी आपली आपण उठून रानाकडे निघायची. चालताना वाटेत पुन्हा पुन्हा थांबायची. कोणी बघत असलं की चपलेत खडा गेल्यासारखं दाखवायची. थोरल्याच्या बायकोने एकदा तिच्या हातातला विळा काढून घेतला तर म्हणाली, "घरात बसून तरी काय करू? तुझ्या नवऱ्याचं तोंड बघू? आजकाल तो तोंड दाखवतो कुठे?"

हे मात्र खरं होतं. थोरला तिच्यासमोर जेवायला बसत नसे. कामाचं निमित्त काढून पाठमोरा राहायचा.

तिसऱ्या दिवशी धाकटा रस्त्याने आला. त्याच्या कांद्याची पात टोकांना पिवळी पडली होती आणि तो शेजारच्याच्या विहिरीवरून डोक्यावर डबे वाहत होता. आत्याला बघून त्याने डबा खाली ठेवला.

"आत्या, तू इथे काय करतेस?"

"दिसत नाही? कांदे कापतेय."

"तुला धाप लागलीये."

"कांदा नाकात जातो," आत्या म्हणाली.

धाकट्याने वाकून तिच्या पायांवरची पात बाजूला सारली. पाय नुसते फुगले नव्हते, कातडी ताणून चकचकीत झाली होती. तो थोरल्याकडे बघत राहिला. थोरल्याला वाटलं, आता हा शिव्या देईल, अंगावर धावून येईल. तसं झालं असतं तर बरं झालं असतं. पण धाकटा आत्याकडे वळला.

"अर्ज मागे घेतो मी, आत्या," तो शेवटी म्हणाला. "तू घरी जा. दवाखान्यात जा."

"अर्ज मागे घे नाहीतर ठेव. तो तुमचा खेळ," आत्या म्हणाली. "मला त्यात विचारलंय कोणी? दोघांपैकी एकाने तरी विचारलंत, आत्या, तुला सांगायचंय का? उचल तो डबा. पाणी तापतंय."

धाकटा डबा उचलून गेला. थोरला त्याच्या मागे दोन पावलं गेला आणि थांबला. अर्ज मागे घेतला तर सगळंच मिटलं, असं त्याच्या मनात आलं. आणि आपण आत्याच्या पायांआधी अर्जाचा विचार केला हेही लगेच कळलं. कळून काय उपयोग होता?

त्याच संध्याकाळी, ढीग संपत आला असताना, आत्या बसल्या जागी कलंडली. विळा हातातच होता. तो सोडवताना थोरल्याला तिची बोटं एकेक करून उघडावी लागली.

थोरल्याची मोटरसायकल तिच्या कामाची नव्हती. धाकटा धावत जाऊन कोणाचा तरी टेम्पो घेऊन आला. मागे गोण्या अंथरल्या, त्यावर आत्याला ठेवलं. थोरल्याने तिचं डोकं मांडीवर घेतलं, धाकट्याने पाय. रस्ताभर दोघं समोरासमोर बसले होते, मध्ये आत्या. तिच्या छातीत उकळत्या पातेल्यासारखा आवाज होत होता.

दवाखान्यात डॉक्टरने पाय दाबून पाहिले. बोटाचा खळगा तसाच राहिला.

"सूज कधीपासून आहे?"

सांगायचं थोरल्याने होतं, आत्या त्याच्या घरी राहत होती.

"दोनचार दिवस झाले असतील," थोरला म्हणाला.

का म्हणाला, ते त्याला आजतागायत कळलेलं नाही. तिथे कोर्ट नव्हतं, वकील नव्हता. पण एकदा खोट्याची सवय जिभेला लागली की ती कुठेही पुढे सरते. डॉक्टरने वर पाहिलं. धाकट्याने मान फिरवली. डॉक्टर म्हणाला, "ही दोनचार दिवसांची सूज नाही," आणि नर्सला हाक मारून आत गेला.

उजाडायच्या आत आत्या गेली. तिला पोचवायला सगळा गाव आला. रस्त्याने जाणारे जे कोणी तिला कांदे कापताना बघून गेले होते, ते थोरल्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हणत होते, "शेवटपर्यंत कामात राहिली बघ. अशी माणसं आता नाहीत." थोरला मान हलवायचा. प्रत्येक वेळी त्याला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं आणि प्रत्येक वेळी तो मान हलवायचा.

अर्जाची तारीख त्यानंतर आली.

कोर्टाची खोली लहान होती. लाकडी बाकं, भिंतीला खेटून उभी माणसं, बंद पडलेला एक पंखा आणि चालू असलेला एक. न्यायाधीश बाई चष्म्यातून कागद बघत होत्या आणि त्यांच्या शेजारी बसलेला टायपिस्ट त्यांचा प्रत्येक शब्द टिपत होता. थोरला सकाळपासून बसून होता. दोन रात्री त्याला झोप नव्हती. त्याला खात्री होती, आज बाई विचारतील. म्हणतील, तुम्ही तर लिहून दिलं होतं, ठणठणीत आहे म्हणून. फोटोही लावला होता. मग ही बाई मेली कशी? काय उत्तर द्यायचं ते त्याला माहीत नव्हतं. पण विचारणार आणि आपल्याला उभं राहावं लागणार, याचीच तो एका परीने वाट बघत होता.

शिपायाने पुकारा केला. दोन्ही वकील उठले.

"मॅडम, साक्षीदार वारली," धाकट्याचा वकील म्हणाला आणि मृत्यूचा दाखला पुढे केला.

बाईंनी दाखल्यावर नजर टाकली. "म्हणजे अर्जात आता काही उरलं नाही."

"नाही, मॅडम."

"तुमचं काही म्हणणं?"

"काही नाही, मॅडम," थोरल्याचा वकील म्हणाला.

बाईंनी टायपिस्टकडे मान वळवली. "साक्षीदार मयत झाल्याने अर्जाचं प्रयोजन संपलं आहे. अर्ज निष्फळ ठरल्याने फेटाळण्यात येतो. खर्चाबाबत आदेश नाही." मग त्यांनी मूळ दाव्याला पुढची तारीख दिली आणि दुसरा कागद ओढला. शिपायाने पुढचा पुकारा केला.

झालं. थोरल्याला बाकावरून पुरतं उठताही आलं नव्हतं. त्याचं प्रतिज्ञापत्र, फोटो, आत्याचा वर धरलेला विळा, त्या सगळ्याकडे कोणी पाहिलंच नाही. पाहायची गरजच उरली नव्हती.

बाहेर व्हरांड्यात वकिलाने त्याची पाठ थोपटली. "फेटाळला. आता त्यांच्याकडे साक्षीदारच नाही. दावा आपलाच समजा. म्हटलं होतं ना?"

थोरल्याने वकिलाचा हात पाठीवरून बाजूला केला आणि तो खांबापाशी उभ्या असलेल्या धाकट्याकडे गेला. धाकटा नळाच्या पाण्याने तोंड धूत होता.

"मला आठवतं," थोरला म्हणाला. "बाबा कठड्यापाशी उभे होते. विहीर दोघांची म्हणाले. मला सगळं आठवतं. मी कुलूप काढतो."

धाकट्याने तोंड पुसलं. त्याचे डोळे लाल होते, पण आवाज साधा होता, उद्याची कामं सांगावीत तसा.

"हे तू तेव्हा बोलला असतास, दादा, तरी तो अर्ज असाच निकाली निघाला असता. तिची साक्ष लागलीच नसती. तू तिला उघड दवाखान्यात नेलं असतंस."

थोरल्याला जमीन दुभंगून आपल्याला गिळेल तर बरं असं झालं. हे त्याच्या डोक्यात कधी आलंच नव्हतं. इतक्या दिवसांत, पाट्या वाहताना, फोटो काढताना, टेम्पोत तिचं डोकं मांडीवर धरताना, एकदाही नाही. त्याच्या एका वाक्याने तो अर्ज संपला असता. त्याने ते वाक्य जपून ठेवलं आणि आत्या खर्ची पडली.

"चलतोस का?" धाकटा म्हणाला. "बस येईल."

"तू हो पुढे."

थोरला परत कोर्टाच्या दारात आला. आत तिसऱ्याच कोणाचं काहीतरी चाललं होतं, एका भाडेकरूचं. शिपायाने हात आडवा घातला. "तुमचं झालं की."

"झालं नाही," थोरला म्हणाला आणि त्याच्या हाताखालून आत गेला. त्याचा वकील मागून धावत आला, बाही ओढत कानाशी पुटपुटला, "अहो, वेड लागलं का? शपथेवरचं खोटं तुमच्याच अंगाशी येईल." थोरल्याने बाही सोडवून घेतली. बाकांवरची माणसं वळून बघायला लागली. थोरला तसाच टेबलापर्यंत गेला.

"मॅडम, ती आजारी होती," तो मोठ्याने म्हणाला. "मला माहीत होतं. मी खोटं लिहून दिलं."

न्यायाधीश बाईंनी चष्मा काढला. समोर भाडेकरूचा वकील तोंड उघडं ठेवून उभा होता. बाईंच्या पुढ्यात दुसऱ्याच दाव्याचे कागद होते आणि सकाळपासून त्यांनी कितीतरी अर्ज निकाली काढले होते.

"कोण आजारी होतं?" त्यांनी विचारलं.

"माझी आत्या," थोरला म्हणाला, आणि भरल्या खोलीत पहिल्यापासून सांगायला लागला.